हबीब रहमान : नव्या भारताच्या इमारती घडवणारा वास्तुकार

दिल्लीच्या जामा मशिदीसमोर मौलाना अबुल कलाम आझाद यांची मजार आहे. ती पाहणारे पुष्कळ, पण ती कोणी बांधली हे विचारलं तर उत्तर सहसा मिळत नाही. तिचे वास्तुकार हबीब रहमान (१९१५-१९९५). स्वतंत्र भारतात आधुनिक वास्तुकला रुजवणाऱ्या पहिल्या पिढीत त्यांचं नाव घेतलं जातं.

तालीम : रहमान यांचा जन्म कलकत्त्याचा. शिबपूरच्या इंजिनीअरिंग कॉलेजातून ते मेकॅनिकल इंजिनीअर झाले. पुढे स्कॉलरशिपवर अमेरिकेतल्या एमआयटीत गेले आणि तिथे वास्तुकलेकडे वळले. १९४४ मध्ये त्यांनी मास्टर्सची पदवी घेतली. आधुनिक वास्तुकलेचे मोठे उस्ताद वॉल्टर ग्रोपियस यांच्या हाताखाली काम करण्याची संधीही त्यांना मिळाली. (कोकणातल्या आचऱ्याचे अच्युत कानविंदे हे त्यांच्याच पिढीतले, तेही हार्वर्डमध्ये ग्रोपियस यांचे विद्यार्थी.)

बंगालमधील काम : १९४६ मध्ये रहमान मायदेशी परतले आणि बंगाल सरकारच्या सेवेत लागले. बराकपूरचा गांधी घाट हे त्यांचं पहिलं गाजलेलं काम. मंदिराचं शिखर, मशिदीचा घुमट आणि ख्रिस्ती क्रूस या तिन्हींची खूण त्यांनी एकाच स्मारकात आणली. फाळणीच्या जखमा ताज्या असताना एका मुसलमान वास्तुकाराने गांधीजींचं स्मारक असं घडवावं, याला फार मोठा अर्थ होता. जानेवारी १९४९ मध्ये पंडित नेहरूंनी त्याचं उद्घाटन केलं. कलकत्त्याची नवी सचिवालय इमारतही रहमान यांचीच; त्या काळी ती देशातल्या सर्वात उंच इमारतींपैकी एक होती.

दिल्लीतील कारकीर्द : १९५३ मध्ये ते दिल्लीला केंद्रीय सार्वजनिक बांधकाम खात्यात (सीपीडब्ल्यूडी) आले आणि पुढे खात्याचे मुख्य वास्तुकार झाले. सरकारी ऑफिसं आणि कर्मचाऱ्यांच्या वसाहती त्यांनी उभ्या केल्या. खर्च कमी, नक्षीकाम नाही, पण उजेड आणि वारा भरपूर, असा त्यांचा हिशोब. रवींद्र भवनाचा त्यांचा पहिला आराखडा मात्र नेहरूंनी नापसंत केला. ते आणखी एक सरकारी ऑफिस वाटतं, टागोरांचं त्यात काही दिसत नाही, असा आक्षेप होता. रहमान यांनी नव्याने आराखडा केला. साहित्य, ललित कला आणि संगीत नाटक या तिन्ही अकादम्या आज त्याच इमारतीत आहेत.

तीन मजारी : मौलाना आझादांच्या कबरीवर त्यांनी भिंती उभारल्या नाहीत, चारी बाजूंनी मोकळी, पातळ कमानदार छत्री तेवढी घातली. जामिया मिलियातली डॉ. झाकीर हुसेन यांची मजार पाहिली, की वर निमुळत्या होत जाणाऱ्या भिंतींमुळे तुघलक काळातल्या मकबऱ्यांची आठवण येते. राष्ट्रपती फखरुद्दीन अली अहमद यांची मजारही त्यांनीच केली. जुनी परंपरा आणि नवं काँक्रीट यांचं भांडण नसतं, हे इथे डोळ्यांनी दिसतं.

सन्मान आणि वारसा : १९५५ मध्ये पद्मश्री आणि १९७४ मध्ये पद्मभूषण देऊन सरकारने त्यांचा गौरव केला. त्यांच्या पत्नी इंद्राणी रहमान या नामवंत शास्त्रीय नर्तिका. मुलगा राम रहमान छायाचित्रकार असून वडिलांच्या कामाची नोंद जपण्यासाठी ते झटत आले आहेत. ही नोंद गरजेची आहे, कारण जागतिक आरोग्य संघटनेची दिल्लीतली रहमान यांनी बांधलेली इमारत अलीकडच्या काळात पाडली गेली. शंभर वर्षंही न झालेल्या इमारतींना ‘वारसा’ म्हणून संरक्षण सहजासहजी मिळत नाही.

आपल्या घरात बारावीची मुलं असतील तर त्यांना ही हकीकत जरूर सांगा. डॉक्टर-इंजिनीअर यांच्यापलीकडेही वाट आहे. गणित बरं असेल, हात चित्रात रमत असेल, तर पाच वर्षांचा बी.आर्क. हा कोर्स आहे. त्यासाठी ‘नाटा’ ही प्रवेश परीक्षा द्यावी लागते. आणि दिल्लीला जाल तेव्हा मौलानांच्या कबरीवर फातेहा पढून झाल्यावर एकदा वर, त्या छत्रीकडेही बघा.