बारा व्होल्टची वाट

आयबीएमने १९८१ साली पहिला पर्सनल काँप्युटर बाजारात आणला तेव्हा त्याच्या एसएमपीएसची, म्हणजे वीज पुरवणाऱ्या डब्याची, एकूण ताकद होती ६३.५ वॉट. त्यात मदरबोर्ड, फ्लॉपी ड्राइव्ह आणि पाच स्लॉटमधली कार्डं अशा सगळ्यांचं भागायचं. २०२५च्या जानेवारीत आलेलं एनव्हिडियाचं आरटीएक्स ५०९० हे एकटं ग्राफिक्स कार्ड ५७५ वॉट मागतं. एवढी वीज त्याला पोचते ती १२ व्होल्टवर. व्होल्टेज वाढवायचं नाही असं एकदा ठरलं की अँपिअर वाढवण्यावाचून गत्यंतर नसतं. ५७५ला १२ने भागा, जवळजवळ ४८ अँपिअर होतात. घरातला दीड टनी एसी सात-आठ अँपिअरवर चालतो. हे ४८ अँपिअर बोटभर रुंदीच्या प्लगमधून जातात, आणि २०२२पासून त्यातले काही प्लग वितळू लागले. हे का झालं ते कळायला या केबलचं कूळ बघावं लागतं.

मूळपुरुष दोन. पहिला इलिनॉयमधला. फ्रेडरिक क्रेबिल यांनी १९३८ साली डांबर, अ‍ॅस्बेस्टॉस आणि चुनखडी यांच्यापासून एक प्लॅस्टिक तयार केलं आणि त्याला मोलेक्स असं नाव दिलं. त्यापासून आधी फुलझाडांच्या कुंड्या वगैरे व्हायच्या. त्यातून वीज जात नाही हा गुण पुढे कामी आला आणि कंपनी कनेक्टरकडे वळली. दुसरा मूळपुरुष म्हणजे १९४१ साली निघालेली एएमपी. विमानांना आणि जहाजांना लागणारे वायरींचे सांधे डाग न देता, नुसत्या दाबाने बसवायचे, हा तिचा धंदा. वायरीचं टोक धातूच्या पिनेत घालायचं आणि हत्याराने असं आवळायचं की तांबं आणि पीन एकजीव व्हावेत. याला क्रिम्पिंग म्हणतात. आजही प्रत्येक पॉवर केबलचा जीव या आवळण्यात असतो. ते ढिलं राहिलं तर वायर कितीही जाड असो, सांधा तापणारच.

जुन्या हार्डडिस्कला लागणारा चार पिनांचा पांढरा प्लग आपण सगळे ‘मोलेक्स’ म्हणून ओळखतो, पण त्याची घडण एएमपीची. एक पिवळी वायर १२ व्होल्टची, एक लाल ५ची, मधल्या दोन काळ्या ग्राउंडच्या. मदरबोर्डला मात्र एकसारखे दिसणारे दोन प्लग शेजारी शेजारी बसवावे लागत. त्यांची अदलाबदल झाली तर मदरबोर्ड जळायचा. म्हणून रिपेअरवाल्यांचा एकच मंत्र होता: काळ्याशेजारी काळी. एवढी महाग वस्तू वाचवायला तोंडपाठ केलेल्या दोन शब्दांवाचून काही नव्हतं. १९९५ साली इंटेलने एटीएक्स हे नवं मानक आणलं तेव्हा कुठे दोन्ही प्लग मिळून वीस पिनांचा एकच प्लग झाला, आणि काही पिनांची घरं चौकोनी, काही कोपरे छाटलेली ठेवून तो उलटा बसणारच नाही अशी सोय झाली. या प्लगची जात मोलेक्सची मिनी-फिट ज्युनिअर, दोन पिनांमधलं अंतर ४.२ मिलिमीटर. पुढच्या कथेतली बरीच पात्रं याच जातीची.

कार्ड स्लॉटमधून वीज घेतं आणि गप्प बसतं, हा नियम शतक संपता संपता मोडला. ३डीएफएक्सच्या २०००च्या व्हूडू ५ ५५०० कार्डाला हार्डडिस्कचा चार पिनांचा प्लग लावावा लागे. त्याचा थोरला भाऊ व्हूडू ५ ६०००, चार चिपांचा. त्याला भिंतीतल्या सॉकेटमधून वेगळी वीज पुरवणारा ‘व्हूडू व्होल्ट्स’ नावाचा डबाच दिला जाणार होता. ते कार्ड दुकानात पोचायच्या आत कंपनीच एनव्हिडियाने गिळली. मग २००४ साली एनव्हिडियाच्याच जीफोर्स ६८०० अल्ट्राने असे दोन प्लग मागितले. हार्डडिस्कच्या ताटातलं उसनं किती दिवस चालणार?

पीसीआय एक्सप्रेस या नव्या स्लॉटबरोबर कार्डांना पहिल्यांदा स्वतःची केबल मिळाली. हिशोब सरळ होता: स्लॉटमधून ७५ वॉट, सहा पिनांच्या केबलमधून आणखी ७५, आणि थोड्याच वर्षांत आलेल्या आठ पिनांच्या केबलमधून १५०. आता यातली गंमत बघा. सहाच्या आठ पिना झाल्या तेव्हा वाढलेल्या दोन्ही वायरी ग्राउंडच्या होत्या. १२ व्होल्टच्या वायरी आधीही तीन, नंतरही तीनच. त्याच तीन वायरींवरची परवानगी दुप्पट झाली, कारण त्या आधी जेमतेम पाव ताकदीवर बसून होत्या. वाढलेल्या पिनांतली एक कार्डाला फक्त एवढंच सांगते की आठ पिनांचा प्लग लागलेला आहे, आता जास्त मागायला हरकत नाही.

आठ पिनांच्या प्लगातसुद्धा भरपूर शिल्लक होती. चांगल्या प्रतीची पीन सुमारे ८ अँपिअर पेलते. तिनांचे २४ अँपिअर, म्हणजे २८८ वॉट. आणि कागदावर मर्यादा १५०. जवळजवळ दुप्पट. माझ्या मते या केबलच्या इतिहासातली सगळ्यात शहाणपणाची गोष्ट हीच. एखादी पीन ढिली राहिली, धूळ बसली, क्रिम्प कच्चा निघाला तरी भागून जायचं, आणि आपण चूक केली होती हे कुणाला कळायचंही नाही. २०१६ साली एएमडीचं आरएक्स ४८० स्लॉटमधून ठरल्यापेक्षा जास्त वीज ओढतं असं उघड झालं, तेव्हाही काही दिवसांत ड्रायव्हर बदलून प्रकरण मिटलं.

याच काळात एक नवी गफलत मात्र शिरली. मॉड्युलर एसएमपीएस आले, म्हणजे केबल दोन्ही बाजूंनी सुटी. कार्डाकडच्या टोकाला मानक आहे. एसएमपीएसकडच्या टोकाला कसलंही नाही. कुठल्या पिनेवर १२ व्होल्ट आणि कुठल्या पिनेवर ग्राउंड हे ज्याचं त्याने ठरवायचं. एकाच कंपनीच्या दोन मॉडेलांतही फरक असतो. प्लग मात्र खुशाल बसतो. आतल्या केबल तशाच ठेवून नुसता डबा बदलायचा आळस केला की ५ व्होल्टच्या जागी १२ जातात आणि हार्डडिस्क क्षणात मरते. काळ्याशेजारी काळीचा जमाना मागच्या दाराने परत आला तो असा, आणि या वेळी बहुतेक वायरी काळ्याच असल्यामुळे मंत्राचाही उपयोग नाही.

मग २०२२ साली १२व्हीएचपीडब्ल्यूआर नावाचा बारा अधिक चार पिनांचा प्लग आला. पिनांतलं अंतर ४.२वरून ३ मिलिमीटरवर आणि मर्यादा थेट ६०० वॉट. १२ व्होल्टच्या पिना सहा, प्रत्येकीची क्षमता ९.५ अँपिअर. गुणाकार ६८४ वॉट. दुपटीची शिल्लक होती तिथे आता चौदा टक्के उरली. वरच्या चार बारीक पिना तापमान किंवा प्रवाह मोजत असतील असा समज असतो, पण तसं काही नाही. केबल किती वॉटची आहे आणि लागली आहे की नाही एवढाच निरोप त्या देतात.

त्या ऑक्टोबरात ४५० वॉटचं आरटीएक्स ४०९० विक्रीला आलं आणि दोन आठवड्यांत वितळलेल्या प्लगांचे फोटो फिरू लागले. नोव्हेंबरात एनव्हिडियाने सुमारे पन्नास तक्रारी असल्याचं सांगून बोट दाखवलं ते प्लग पूर्ण न बसवण्याकडे. निदान खोटं नव्हतं, पण निम्मंच होतं. अर्धवट बसलेला प्लग जुन्या काळीही असायचाच, तो खपून जायचा एवढंच. केबल काटकोनात वळवणारे अ‍ॅडॅप्टर विकणाऱ्या केबलमॉडला तर २०२४च्या फेब्रुवारीत अमेरिकेत सुमारे २५,३०० नग परत बोलवावे लागले.

उरलेलं निम्मं कारण कार्डाच्या आत आहे. तेवढ्याच ४५० वॉटच्या, आधीच्या ३०९० टीआय कार्डात सहा वायरींच्या तीन जोड्या करून प्रत्येक जोडीचा प्रवाह वेगळा मोजला जाई. ४०९०मध्ये आत शिरताच सहाही वायरी एकत्र बांधल्या. पालखीच्या सहा भोयांपैकी चौघांनी खांदा ढिला सोडला तरी पालखी चालतेच, आत बसलेल्याला पत्ता नसतो. भार मात्र उरलेल्या दोघांवर. वीज कमी अडथळ्याची वाट धरते. ज्या दोन पिना घट्ट बसल्यात त्यांच्यातूनच बहुतेक सगळी जाऊ लागते. उष्णता प्रवाहाच्या वर्गाने वाढते हे जूलने १८४१ सालीच छापून ठेवलंय: ८चे १६ अँपिअर झाले की ताप चौपट. २०२५च्या फेब्रुवारीत ‘डेर बाउअर’ या नावाने ओळखल्या जाणाऱ्या जर्मन ओव्हरक्लॉकरने ५०९०च्या एकाच वायरीतून २० अँपिअरहून अधिक प्रवाह जाताना मोजला. एसएमपीएसकडचं टोक दीडशे अंशांच्या घरात होतं.

आता केबल घ्यायची तर. एसएमपीएसबरोबर खोक्यात आली तीच पहिली पसंती. वेगळी घ्यायची असेल तर दुकानदाराला कार्डाचं नाव सांगून उपयोग नाही, एसएमपीएसचं अचूक मॉडेल सांगावं लागतं. ते न विचारता मुंबईच्या लॅमिंग्टन रोडवर कुणी केबल पुढे केली तर पुढचं दुकान गाठावं. वायर १८ गेजची, म्हणजे ०.८२ चौरस मिलिमीटरची, तरी हवीच. ६०० वॉटसाठी १६ गेज. हार्डडिस्कच्या साटा प्लगमधून सहा पिना काढून देणारा अ‍ॅडॅप्टर फुकट मिळाला तरी नको. साटाच्या १२ व्होल्टच्या तीन पिना दीड-दीड अँपिअरच्या, म्हणजे ५४ वॉट, आणि समोरचं कार्ड ७५ मागायला मोकळं. एकाच केबलला पुढे दोन फाटे असतील तर तेही मोठ्या कार्डाला टाळावेत: दोन फाट्यांचे ३०० वॉट एसएमपीएसकडच्या तीनच पिनांतून जातात, प्रत्येकीतून ८.३ अँपिअर. जुन्या प्लगची सगळी शिल्लक तिथेच खलास. दोन केबल स्वतंत्र लावाव्यात.

नव्या प्लगच्या बाबतीत, तो फट दिसेनाशी होईपर्यंत दाबायचा आणि पहिले ३५ मिलिमीटर केबल वाकवायची नाही. २०२३मध्ये त्याची १२व्ही-२x६ ही सुधारित आवृत्ती आली. निरोपाच्या पिना दीड मिलिमीटरने आखूड केल्या, म्हणजे प्लग अर्धवट असला तर निरोपच पोचत नाही आणि कार्ड वीज मागत नाही. पण ही दुरुस्ती कार्डावरच्या सॉकेटमधली आहे, केबलच्या प्लगमधली नाही. जुन्या ४०९०ला ‘१२व्ही-२x६’ असं छापलेली नवी केबल लावली तरी सॉकेट जुनंच राहतं.