पहाटेचा मुहूर्त आणि आपला व्यवसाय

लग्नाचा मुहूर्त पहाटेचा असला की आज रत्नागिरीतील वधूपित्यास घरी येऊन केशभूषा व रंगभूषा करणारी व्यक्ती शोधावी लागते. बलुतेदारीच्या काळी असा शोध नव्हता. गावचा नाभिक पहाटेच वराच्या दारी हजर होई. वर्षाचे बलुते त्यास भाताच्या रूपाने मिळे. वधूचा खोपा घरच्या स्त्रिया घालीत व त्यावर अबोलीची वेणी माळीत. मात्र आलेले बोलावणे नाकारण्याची मुभा नाभिकास क्वचितच असे. म्हणूनच १८९० मधील मुंबईचा प्रसंग स्मरणीय होय. नारायण मेघाजी लोखंडे यांच्या पुढाकाराने तेथे नाभिक बंधू जमले आणि विधवांचे केशवपन न करण्याचा निर्धार त्यांनी केला. घरोघर जाऊन वधूस सजविणाऱ्या आपल्या कन्या आज मोबदला स्वतः ठरवितात. समाजबांधवांनी त्यांस शिक्षण व भांडवल पुरवावे, हीच विनंती.