सूट, छत्री आणि एडिंबराचा दूधवाला

'किंग्जमन: द सिक्रेट सर्व्हिस' (२०१५) हा मॅथ्यू वॉनचा पिक्चर बहुतेकांच्या लक्षात राहतो तो चर्चमधल्या तुफान मारामारीमुळे, नाहीतर फुकट सिम कार्डं वाटून जगाची लोकसंख्या कमी करायला निघालेल्या बोबड्या सॅम्युअल जॅक्सनमुळे. (फुकट सिममागे काहीतरी गोम असणार हे आम्हा सॉफ्टवेअरवाल्यांना वेगळं सांगावं लागत नाही!) पण मला विचाराल तर त्यातली खरी गोष्ट शिंप्याच्या दुकानातली आहे, आणि ती १९६२ पासून सुरू होते.

बॉन्डचा जन्मदाता इयन फ्लेमिंग ईटनमध्ये शिकलेला. त्याचा हीरोही त्याच थरातला. पण 'डॉ. नो'साठी निवड झाली ती शॉन कॉनरीची. एडिंबराच्या फाउंटनब्रिज वस्तीतला कामगाराचा पोरगा, एके काळी घरोघरी दूध टाकणारा. आता याचा जेंटलमन करायचा कसा? दिग्दर्शक टेरेन्स यंग स्वतः केंब्रिजचा, कपड्यांचा एकदम शौकीन. त्याने कॉनरीला सरळ स्वतःच्या शिंप्याकडे, अँथनी सिंक्लेअरकडे नेलं. अंगाला सवय व्हावी म्हणून त्याला सूट घालून झोपायलाही लावलं म्हणे. थोडक्यात, पडद्यावरचा सगळ्यात नामांकित जेंटलमन मुळातच मापं घेऊन शिवलेला.

मार्क मिलर आणि डेव्ह गिबन्स यांच्या २०१२ च्या कॉमिकवरून वॉनने हाच किस्सा पिक्चरभर पसरवलाय. कॉनरीच्या जागी लंडनच्या सरकारी चाळीतला एग्झी, यंगच्या जागी कॉलिन फर्थ, आणि शिंप्याचं दुकान म्हणजे सॅव्हिल रोवरचं, ११ नंबरचं, खरंखुरं हंट्समन. फर्थची छत्री 'द अ‍ॅव्हेंजर्स' या साठच्या दशकातल्या ब्रिटिश मालिकेतल्या जॉन स्टीडची आठवण करून देते. (ते मार्व्हलवाले अ‍ॅव्हेंजर्स वेगळे.) पबमध्ये दाराला कडी लावताना फर्थ शिष्टाचारावरचं जे वचन ऐकवतो, ते विंचेस्टर कॉलेजचं ब्रीदवाक्य! १३८२ मध्ये स्थापन झालेली, बड्या घरांतली पोरं घडवणारी शाळा. माणूस जन्माने नाही, वागण्याने मोठा होतो हे एग्झीला समजावायला वाक्य सापडलं ते तिथलं. आणि शेवटी एग्झीलाही सूट घालावाच लागतो. ट्रॅकसूटमध्ये जग वाचवलेलं मला जास्त आवडलं असतं. असो.

(पिक्चर पाहिला नसेल तर इथेच थांबा.)

संस्थेचा प्रमुख आर्थर झालाय मायकेल केन. १९६५ च्या 'द इप्क्रेस फाइल'मधला हॅरी पामर तो हाच. निर्माता बॉन्डचाच हॅरी साल्ट्झमन, पण हेर अगदी उलटा: जाड चष्मा, कॉकनी बोली, ऑफिसात वरिष्ठांची बोलणी खाणारा. फर्थचा चष्मा तिथूनच आलाय. खुद्द केन लंडनच्या मासळीबाजारातल्या हमालाचा मुलगा. इथे मात्र तो खानदानी उमराव बनून एग्झीच्या कुळावरून नाक मुरडत बसतो. एग्झी ग्लास बदलतो, विष आर्थरच्याच पोटात जातं आणि मरता मरता तो शिवी हासडतो. त्या शिवीत उमरावी उच्चार गळून पडतात आणि आतून निघते अस्सल कॉकनी.