नऊ शेपट्यांची कोल्हीण

घरात एखादं शाळकरी मूल असेल तर त्याला विचारून पाहा, नऊ शेपट्यांचा कोल्हा कोणता? ते चटकन सांगेल, पोकेमॉनमधला नाइनटेल्स, नाहीतर नारुतोच्या पोटात कोंडलेला कुरामा. १९९६ साली जपानमध्ये पोकेमॉनचे पहिले खेळ आले, त्यांतच हा प्राणी होता. त्याची शेपटी धरली तर हजार वर्षांचा शाप लागतो म्हणे! मुलांना गंमत वाटते. पण या शापामागची गोष्ट फार जुनी आहे, आणि तिचा एक धागा आपल्या देशात येतो.

जपानचा कित्सुने म्हणजे तांबूस रंगाचा, झुपकेदार शेपटीचा, आपल्या खोकडाचा भाऊबंद. भातशेतीचा देव इनारी, त्याचा हा दूत. क्योतोच्या फुशिमी इनारी देवळात जागोजागी कोल्ह्यांच्या मूर्ती दिसतात. म्हणजे कोल्हा सरसकट वाईट नाही. मग ही शापाची कोल्हीण आली कुठून?

गोष्ट अशी. बाराव्या शतकात, राज्यत्याग केलेल्या तोबा सम्राटाच्या दरबारात तामामो-नो-माए नावाची रूपवती, विदुषी स्त्री आली. तिच्या अंगातून प्रकाश पडे. सम्राट भाळला आणि आजारी पडला. ज्योतिषानं ओळखलं, ही कोल्हीण आहे! ती नासूच्या माळावर पळाली. योद्ध्यांनी तिला मारलं आणि तिचा दगड झाला. जवळ जाईल त्याचा जीव घेणारा दगड, 'सेश्शोसेकी'.

जुन्या जपानी कथांत तिला दोनच शेपट्या होत्या. पुढे चिनी कथांच्या प्रभावानं त्यांच्या नऊ झाल्या. जपानी कथाकारांनी तिला मागचे जन्मही दिले. चीनमध्ये ती दाजी होती, तिच्या नादानं शांग घराण्याचा शेवटचा राजा बुडाला. ती भारतातही होती आणि तिनं हानझोकू नावाच्या राजाला हजार राजांची मुंडकी उडवायला चिथावलं. हानझोकू म्हणजे ठिपकेदार पायांचा. हा आपला कल्माषपाद! बौद्ध ग्रंथांबरोबर तो तिकडे पोचला.

आता गंमत पाहा. महाभारतातल्या कल्माषपादाच्या कथेत कोल्हीण नाहीच. वाट कुणी सोडायची यावरून राजा वसिष्ठपुत्र शक्तीला चाबकानं मारतो आणि नरभक्षक होण्याचा शाप ओढवून घेतो. चूक राजाची. जपानी गोष्टीत मात्र ती चूक एका बाईच्या पदरात पडली.

तोबाच्या दरबारातही तेच झालं. इतिहासात तामामो नाही. पण बिफुकुमोन-इन ही तोबाची लाडकी राणी होती. तिचा मुलगा कोनोए लहानपणीच सम्राट झाला आणि ११५५ साली वारला. पुढच्या वर्षी तोबा गेला आणि काही दिवसांतच गादीवरून होगेनचं युद्ध पेटलं. या भांडणात बापलेक होते, भाऊभाऊ होते, सरदार होते. तरी तामामोची कल्पना या राणीवरूनच सुचली असावी, असं अनेक अभ्यासक मानतात. राज्य मोडलं की 'घरात अवदसा शिरली' म्हणणं सोपं असतं.

तो दगड तोचिगी प्रांतात नासूला आजही आहे. तिथल्या जमिनीतून ज्वालामुखीचे विषारी वायू निघतात. १६८९ साली कवी बाशो तिथे गेला, तेव्हा त्याला मेलेल्या मधमाश्या आणि फुलपाखरांचा खच दिसला. मार्च २०२२ मध्ये दगड दुभंगला आणि कोल्हीण सुटली म्हणून जगभर चर्चा झाली. भेगेत मुरलेलं पाणी गोठल्यानं तो फुटला असावा, असा जाणकारांचा कयास.

१९९९ साली सुरू झालेल्या 'नारुतो' या चित्रकथेत आणि पुढे तिच्यावरून निघालेल्या खेळांत गावावर चालून आलेला कोल्हा एका तान्ह्या मुलाच्या पोटात बंद केला जातो. गाव त्या निरपराध पोरालाच वाळीत टाकतं. तो पोर मात्र शेवटी कोल्ह्याशी मैत्री करतो. दोष कुणावर तरी ढकलून मोकळं होणाऱ्या त्या जुन्या गोष्टीला मुलांच्या खेळानं हे उत्तर दिलं आहे. मुलं पडद्यासमोर बसली असतील, तर एकदा शेजारी बसून तेवढं जरूर पाहा.

(नभोवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)