सारांश

एकुलत्या एका मुलाच्या मृत्यूचे दुःख पचवू न शकलेल्या मराठी दांपत्याची कथा सांगणारा हिंदी चित्रपट (१९८४). दिग्दर्शन महेश भट्ट यांचे, निर्मिती राजश्री प्रॉडक्शन्सची. मुंबईत राहणारे निवृत्त मुख्याध्यापक बी. व्ही. प्रधान (अनुपम खेर) व पत्नी पार्वती (रोहिणी हट्टंगडी) यांचा मुलगा अजय न्यूयॉर्कमध्ये लुटारूंच्या हल्ल्यात मारला जातो. त्याच्या अस्थी मिळवण्यासाठीही प्रधानांना सरकारी कार्यालयात खेटे घालावे लागतात. तेथे अधिकाऱ्यापुढे त्यांचा बांध फुटतो, तो प्रसंग विशेष गाजला.

एकाच घरातला शोक येथे दोन वाटांनी जातो. प्रधानांना जगणे निरर्थक वाटते. पार्वतीला मात्र भाडेकरू सुजाता (सोनी राजदान) हिच्या पोटी अजयच परत येणार, अशी श्रद्धा वाटते. सुजाताचा प्रियकर विलास हा राजकारणी गजानन चित्रे (निळू फुले) याचा मुलगा. या नात्याला विरोध करणाऱ्या चित्रेच्या दहशतीला तोंड देताना प्रधानांना जगण्याचे प्रयोजन सापडते आणि अजय परत येणार या भ्रमातून पत्नीला सोडवण्यासाठी ते त्या जोडप्याला दूर पाठवतात.

वृद्धाची भूमिका करताना खेर तिशीच्या आतले होते. त्यांना सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचा फिल्मफेअर पुरस्कार, तर गीतकार वसंत देव यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. ऑस्करसाठी भारताची अधिकृत प्रवेशिका म्हणूनही या चित्रपटाची निवड झाली.