खजाना बावडी: बीडच्या पाण्याचा वास्तुवारसा

बीड शहराच्या दक्षिणेस सुमारे ६ किलोमीटरवर एक वर्तुळाकार दगडी विहीर आहे. तिचे नाव खजाना बावडी. अहमदनगरच्या मुर्तझा निजामशहाच्या कारकिर्दीत (१५६५–१५८८) बीडचा जहागीरदार सलाबतखान याने ती बांधविली. स्थपती म्हणून राजा भास्कर यांचे नाव सांगितले जाते.

नावामागची आख्यायिका रंजक आहे. शाही खजिन्यातील द्रव्य सलाबतखानाने या कामी खर्चिले आणि जाब विचारला गेला तेव्हा ‘खजिना विहिरीत आहे’ असे उत्तर दिले, असे लोक सांगतात. कथा खरी असो वा नसो, हिशेब मात्र चोख वाटतो.

हा सलाबतखान निजामशाहीचा मातबर वजीर. नगरजवळच्या डोंगरावरील त्याच्या कबरीस आज सर्वत्र ‘चांदबीबीचा महाल’ म्हणतात. बांधणाऱ्याचे नाव तेथेही मागे पडले.

खजाना बावडीचे खरे वैशिष्ट्य जमिनीखाली आहे. दक्षिणेकडून दोन भुयारी कालवे विहिरीत पाणी आणतात. उत्तरेकडील तिसरा कालवा तेच पाणी बीडच्या दिशेने शेतांकडे नेतो. मोट नाही, रहाट नाही. केवळ उताराच्या बळावर पाणी वाहते. इराणातील ‘कनात’ याच तत्त्वावर चालतात: उंच भागातील भूजल मंद उताराच्या बोगद्याने सखल भागात आणायचे. मलिक अंबरने खडकी येथे, म्हणजे पुढच्या औरंगाबादेत, प्रसिद्ध नहर आणली ती सतराव्या शतकात. बीडची ही योजना त्याआधीची, तरी तिचा उल्लेख क्वचितच होतो.

या अवर्षणग्रस्त मुलखात पाण्याचा विचार वास्तूपासून वेगळा नव्हताच. बीडचे प्राचीन कंकालेश्वर मंदिर कुंडाच्या मध्यभागी उभे आहे. त्याच्या भिंतींवर शस्त्रधारी स्त्रियांची शिल्पे आहेत. आदिलशाही सरदार किश्वरखानाने १५६७ मध्ये उभारलेल्या धारूरच्या किल्ल्यात खारी दिंडी आणि गोडी दिंडी अशा नावांचे तलाव आहेत. १६३१ मध्ये मोगलांनी हा किल्ला घेतला, तेव्हा दख्खन भीषण दुष्काळाने होरपळत होता.

दुष्काळातही खजाना बावडीचे पाणी ठरावीक पातळीखाली उतरत नाही, अशी तिची ख्याती. ही ख्याती सर्वस्वी भूजलावर उभी आहे. कालव्याचा तळ ज्या खोलीवर आहे, तिच्याही खूप खाली बोअर जातात. उपशामुळे भूजल त्या तळाखाली गेले, तर एकही चिरा न ढळता विहीर कोरडी पडू शकते. म्हणून या वास्तूची हद्द तिच्या कठड्यापाशी संपत नाही. दक्षिणेकडच्या शेतांखालील पाणी हाही तिचाच भाग आहे, आणि तो कोणत्याही डागडुजीने परत आणता येणार नाही.