आवाजामागचा माणूस

मुख्य चित्रपटापूर्वी वृत्तपट दाखविण्याची सक्ती इंग्रज सरकारने १९४३ साली युद्धप्रचारासाठी केली. १९४८ साली स्थापन झालेल्या फिल्म्स डिव्हिजनने ती प्रथा पुढे चालविली. त्यामुळे अंधेरी-घाटकोपरच्या प्रेक्षकासही निवेदकाचा आवाज ओळखीचा झाला. नाव मात्र अपरिचितच राहिले.

अशा निवेदकांपैकी एक प्रताप शर्मा. जन्म १९३९ साली लाहोरचा, कर्मभूमी मुंबई. फिल्म्स डिव्हिजनच्या कितीतरी अनुबोधपटांस त्यांचा भारदस्त इंग्रजी आवाज लाभला. परंतु हे गृहस्थ नाटककारही होते. मुंबईच्या वेश्यावस्तीवरील त्यांचे ‘ए टच ऑफ ब्राइटनेस’ हे नाटक १९६५ साली लंडनच्या राष्ट्रकुल कलामहोत्सवास निमंत्रित झाले होते. त्याच नाटकावर मुंबईत बंदी आली. ती उठावयास १९७२ साल उजाडावे लागले, आणि तीही उच्च न्यायालयाच्या निर्णयाने.

ज्यांचा कंठ सरकारी संस्थेस हवा होता, त्यांची लेखणी परिनिरीक्षकांस नको होती. २०११ साली शर्मा निवर्तले. जुने वृत्तपट पाहताना आवाज कोणाचा आणि शब्द कोणाचे, हे दोन प्रश्न इतिहासाच्या अभ्यासकाने वेगवेगळे विचारले पाहिजेत. निवेदकाचा आवाज म्हणजे निवेदकाचे मत नव्हे.